ग्रीसकडून रबराकडे : मोटारीतील एका लहानशा बुशाचा इतिहास

२०२१च्या जून महिन्यात गुवाहाटीजवळच्या सरुतारी येथे, रबर बोर्डाच्या प्रक्षेत्रावर, जनुकीय बदल केलेल्या रबराच्या रोपाची प्रत्यक्ष शेतात लागवड झाली. जगातील अशी पहिलीच लागवड म्हणून ही बातमी देशभर छापून आली. कोट्टायमजवळच्या पुतुप्पळ्ळी येथील भारतीय रबर संशोधन संस्थेत तयार झालेल्या त्या रोपात मँगनीज सुपरऑक्साइड डिस्म्युटेज या एन्झाइमच्या जनुकाच्या जादा प्रती घातलेल्या होत्या. त्यामागचा हेतू असा, की ईशान्येकडील हिवाळ्याची थंडी आणि कोरडेपणा रोपाला सोसता यावा. रबर म्हटले की टायर, हे समीकरण आपल्या मनात इतके पक्के आहे की अशी बातमी वाचताना डोळ्यांपुढे टायरच येतो. त्यात चूकही नाही. देशातील रबराचा मोठा हिस्सा टायरांतच जातो.

या लेखाचा विषय मात्र त्याच चिकातून घडणारी, टायरच्या मानाने अगदी क्षुल्लक वाटणारी एक वस्तू आहे. मोटारीच्या पुढच्या बाजूस, एका चाकापासून दुसऱ्या चाकापर्यंत आडवा गेलेला एक वाकवलेला पोलादी दांडा असतो. त्याला स्टॅबिलायझर बार म्हणतात. तो गाडीच्या सांगाड्याशी रबराच्या दोन ठोकळ्यांत धरलेला असतो. गॅरेजच्या भाषेत या ठोकळ्यांना ‘बुश’ म्हणतात. दोन्ही मिळून एका मुठीत मावतील एवढे ते लहान असतात. ते झिजले की गाडीच्या पुढून खडखड ऐकू येऊ लागते, आणि ती नेमकी कशाची हे न कळल्यामुळे अनेक गाडीमालक भलतेच महागडे भाग बदलून घेतात. मीही त्यांतलाच एक. आपल्याकडे तंत्रज्ञानाचा इतिहास लिहिताना कारखान्यांची उद्घाटने, परदेशी कंपन्यांशी झालेले करार आणि उत्पादनाचे आकडे यांची नोंद होते. पण ग्रीसवर पोसलेल्या कारागिरांच्या हाती एकाएकी रबर आले, तेव्हा त्या हातांना काय विसरावे लागले आणि काय नव्याने शिकावे लागले, ही कथा सहसा कोणी सांगत नाही.

आरंभ दांड्यापासून करू. कॅनडातील न्यू ब्रन्सविक प्रांतात फ्रेडरिक्टन येथे राहणाऱ्या स्टीफन कोलमन यांना १९१९ साली या कल्पनेचे पेटंट मिळाले. कल्पना साधी होती. गाडी वळणावर कलते तेव्हा बाहेरचे चाक अंगाशी दाबले जाते आणि आतले चाक खाली लोंबते. या दोन चाकांना एका दांड्याने जोडले, तर ती उलटसुलट हलताना दांड्याला पीळ बसतो. पीळ बसलेले पोलाद पूर्ववत होऊ पाहते आणि गाडीचा कल आवरला जातो. दोन्ही चाके एकाच वेळी सारखीच वर गेली, तर दांड्याला पीळ बसत नाही. तो आपल्या दोन बुशांत नुसता फिरतो. हा भेद वाचकांनी ध्यानात ठेवावा. पुढे दोष ओळखण्याचा सारा प्रश्न याच भेदावर उभा आहे.

दांड्याचा ताठरपणा त्याच्या व्यासाच्या चौथ्या घाताने वाढतो. म्हणजे २० मिलिमीटरच्या जागी २२ मिलिमीटरचा दांडा घातला, तर जाडी दहाच टक्के वाढते, पण पिळाला होणारा विरोध जवळजवळ दीडपट होतो. मात्र एवढे सारे पोलाद शेवटी ज्या रबरात रुतून उभे असते, ते रबरच सैल असेल तर दांडा कितीही जाड असून काय उपयोग? चाक थोडे हलते, दांडा पिळण्याऐवजी आधी पोकळीतून सरकतो, आणि मग क्लॅम्पच्या लोखंडावर आपटतो. खडखड ती हीच.

कोलमन यांच्या पेटंटनंतर हा दांडा लगेच सर्वत्र दिसू लागला असे नाही. त्या काळच्या गाड्यांच्या पुढच्या बाजूस अखंड आस आणि ताठर पाटे असत. त्या मुळातच फारशा कलत नसत, हादरे मात्र अंगभर देत. १९३०च्या दशकात अमेरिकेत दोन्ही पुढची चाके स्वतंत्रपणे हलू देण्याची रचना रूढ झाली. १९३४च्या कॅडिलॅकवर काम करणाऱ्या मॉरिस ओली या इंग्रज अभियंत्याने मऊ स्प्रिंगांचा सखोल अभ्यास केला होता. स्प्रिंग मऊ झाली, प्रवास सुखाचा झाला, आणि वळणावर गाडी कलू लागली. तेव्हा हा दांडा गरजेचा ठरला.

त्याच सुमारास दुसरीकडे एक वेगळीच खटपट चालू होती. जिथे लोखंडावर लोखंड फिरते तिथे वंगण हवे. त्यामुळे जुन्या मोटारीला जागोजागी ग्रीसची तोंडे असत. ठरावीक मैल झाले की गाडीखाली आडवे होऊन ग्रीसगनने प्रत्येक सांधा भरावा लागे. तो भरला नाही तर सांधा किरकिरे, नंतर झिजे. फ्रान्समध्ये लेआँ थिरी या अभियंत्याने १९२०च्या दशकात यावर तोड काढली. लोखंडाच्या दोन नळ्या एकात एक घालून मधल्या फटीत त्याने रबर दाबून बसवले. आतली नळी थोडीशी फिरली की रबराला पीळ बसतो, पण कोणताही पृष्ठभाग दुसऱ्यावर घासत नाही. घर्षणच नसल्यामुळे वंगण नको, आणि वंगण नको म्हणून देखभालही नको. या वस्तूचे व्यापारी नाव ‘सायलेंटब्लॉक’. आपल्याकडच्या गॅरेजांत आजही ‘सायलेंट ब्लॉक बुश’ मागितला जातो, तो शब्द तिथून आला. १९३१ साली क्रायस्लरने आपल्या प्लिमथ गाडीचे इंजिन रबरावर तोलून त्याची मोठी जाहिरात केली आणि मोटारीच्या अंगात रबराला मानाचे स्थान मिळाले.

पण रबर तरी कुठले? दक्षिण अमेरिकेतील चीक चार्ल्स गुडइयरने १८३९ साली गंधकासह तापवला आणि व्हल्कनीकरणाची क्रिया सापडली. उन्हाळ्यात चिकट आणि हिवाळ्यात ठिसूळ होणारा पदार्थ तेव्हापासून कामाचा झाला. १८७६ साली हेन्री विकहॅमने ॲमेझॉनच्या खोऱ्यातून सुमारे ७० हजार बिया लंडनच्या क्यू उद्यानात पोहोचवल्या. त्यांतल्या जेमतेम तीन-चार टक्के रुजल्या, आणि त्यांची बहुतेक रोपे सिलोनला गेली. आशियातील रबराच्या मळ्यांचा मोठा भाग त्या मूठभर रोपांच्या वंशातला आहे. केरळात पेरियार नदीकाठी तट्टेकाड येथे १९०२ साली युरोपीय मळेवाल्यांनी पहिला व्यापारी मळा लावला. दुसऱ्या महायुद्धात जपानने मलाया आणि डच ईस्ट इंडीज घेतल्यावर दोस्त राष्ट्रांचे रबर तुटले, तेव्हा सिलोन आणि दक्षिण भारत यांचे महत्त्व एकदम वाढले. स्वातंत्र्याच्या काही महिने आधी, १९४७ सालीच, रबराविषयीचा कायदा झाला. १९५५ साली रबर संशोधन संस्था स्थापन झाली. तेथील ‘आरआरआयआय १०५’ या वाणाचा संकर १९५०च्या दशकातला. लागवडीसाठी तो १९८० साली खुला झाला. म्हणजे एका चांगल्या झाडाची खात्री पटायला पाव शतक लागले. कृषी संशोधनाची ही गती ज्यांना ठाऊक नसते, त्यांनीच सरुतारीच्या रोपाबद्दल ‘मग पुढे काय झाले?’ असे दर सहा महिन्यांनी विचारावे.

मधल्या काळात, १९६०च्या दशकाच्या आरंभी, बरेलीजवळच्या कारखान्यात मळीच्या अल्कोहोलापासून कृत्रिम रबरही तयार होऊ लागले. पण बुशासाठी आजही पहिली पसंती बहुधा झाडाच्याच रबराला असते, आणि त्याचे कारण विज्ञानाच्या दृष्टीने सुंदर आहे. १९२५ साली जे. आर. कात्झ यांना क्ष-किरणांच्या साहाय्याने असे दिसले, की ताणलेल्या नैसर्गिक रबरात स्फटिक तयार होतात. ताण सोडला की ते विरतात. याचा परिणाम असा, की रबराला एखादी चीर पडू लागली तर तिच्या टोकाशी, जिथे ताण सर्वांत अधिक असतो नेमका तिथेच, स्फटिकांचा बांध तयार होतो आणि चिरेची वाटचाल मंदावते. टायरांत मुबलक वापरल्या जाणाऱ्या स्टायरीन-ब्युटाडाइन रबरात हा गुण नाही. लक्षावधी वेळा पिळून सोडायच्या वस्तूसाठी निसर्गाचा चीक म्हणूनच मोलाचा ठरतो.

त्याचे वैरी दोन. पहिला ओझोन. हवेच्या दहा कोटी भागांत ओझोनचे मोजके भाग असले तरी ताणलेल्या रबरावर, ताणाच्या दिशेला काटकोनात, बारीक भेगा उमटतात. दुसरा वैरी म्हणजे खनिज तेल. नैसर्गिक रबर पेट्रोलियमचे तेल किंवा ग्रीस शोषते, फुगते आणि मऊ पडते. आपल्याकडच्या कथेत या दुसऱ्या वैऱ्याला मोठी भूमिका आहे.

१९८३ पर्यंत भारतीय रस्त्यावरची मोटार म्हणजे मुख्यत्वे दोन नावे. उत्तरपाड्याच्या कारखान्यातील ॲम्बॅसेडर १९५७ साली आली. ती मूळची मॉरिस ऑक्सफर्ड, पुढे टॉर्शन बारची रचना असलेली. दुसरी कुर्ल्याच्या प्रीमियर कारखान्यातील फियाट. या गाड्यांत रबराचे भाग मुळीच नव्हते असे नाही. पण मेकॅनिकचे शिक्षण होई ते ग्रीसच्या तोंडांवर. गॅरेजात नव्या आलेल्या पोराच्या हाती पहिली वस्तू पडे ती ग्रीसगन. कोणता सांधा किती दाबांत भरतो, जुने काळे ग्रीस बाहेर येऊन नवे पिवळे दिसेपर्यंत कसे थांबायचे, हे तो हाताने शिके. आवाज आला तर पहिला उपाय वंगणाचा, कारण दहापैकी आठ वेळा तोच खरा असे. गाडी धुऊन झाल्यावर तिच्या पोटावर डिझेल किंवा वापरलेल्या तेलाचा फवारा मारण्याची पद्धतही सर्व्हिस स्टेशनांत होती. गंज लागू नये आणि पाट्यांची किरकिर थांबावी म्हणून तो फवारा असे, आणि त्या गाड्यांसाठी तो वाईटही नव्हता.

१४ डिसेंबर १९८३ रोजी गुडगावच्या कारखान्यातून पहिली मारुती ८०० ग्राहकाच्या हाती गेली. ७९६ घनसेंटिमीटरचे इंजिन आणि पुढच्या चाकांना जुंपलेली शक्ती, यांवर पुष्कळ लिहिले गेले आहे. पुढच्या सस्पेन्शनवर फारसे लिहिले गेले नाही. ही रचना मॅकफर्सन स्ट्रटची. अर्ल मॅकफर्सन या अमेरिकी अभियंत्याने युद्धोत्तर काळात ती फोर्डसाठी आखली. फ्रान्समधील फोर्ड व्हेडेट आणि इंग्लंडमधील फोर्ड कॉन्सल या गाड्यांतून ती जगापुढे आली. या रचनेत शॉकॲब्सॉर्बर आणि स्प्रिंग मिळून एक उभा खांब होतो, आणि चाक खालच्या बाजूने धरायला एक आडवा हात लागतो. एकच हात चाकाला मागेपुढे हलण्यापासून रोखू शकत नाही. त्यासाठी तिरका दुसरा आधार हवा. फोर्डच्या अभियंत्यांनी येथे काटकसरीची चतुराई केली. स्टॅबिलायझर बार पुढून येऊन चाकाजवळ पोहोचतोच आहे, तर त्याचेच टोक त्या हातात घट्ट बसवून तो आधार त्याच्याकडूनच घ्यावा! एका दांड्याने दोन कामे. लहान, हलक्या आणि स्वस्त गाड्यांना ही युक्ती फार मानवली. मारुती ८००मध्येही हीच मांडणी होती. दांड्याची टोके खालच्या हातातून आरपार जात, दोन्ही बाजूंस रबरी बुश आणि वायसर, आणि बाहेर खाचांची नट व तिच्यातून स्प्लिट पिन.

यातून एक गंभीर गोष्ट निष्पन्न झाली. इतर गाड्यांत स्टॅबिलायझरचे बुश झिजले तर आवाज होई, गाडी किंचित अधिक कले. त्यापलीकडे तातडीचे काही नसे. येथे मात्र तेच बुश चाकाची जागा ठरवीत होते. ते झिजले, की ब्रेक दाबल्याबरोबर चाक मागे सरके, पुढच्या बाजूने एकच ‘टक्’ असा आवाज येई, आणि एका बाजूचे बुश दुसरीपेक्षा अधिक गेलेले असेल तर गाडी ब्रेकबरोबर एका अंगाला ओढे. ती ओढ पाहून मालक ब्रेक तपासून घेई. ब्रेक निर्दोष निघत, आणि ओढ तशीच राहे.

ग्रीसच्या पाठशाळेत तयार झालेल्या मेकॅनिकांपुढे ही गाडी आली. तिला पुढच्या सांध्यांत ग्रीसची तोंडे नव्हती. किरकिर ऐकू आली की हात सवयीने ग्रीसकडे जाई. दांड्यावर, बुशाच्या कडेला बोटभर ग्रीस लावले की आवाज खरोखरच थांबे, मालक समाधानाने पैसे देऊन जाई, आणि पुढच्या काही आठवड्यांत रबर फुगून बुश आणखी सैल होई. पोटावरचा डिझेलचा फवाराही रबराच्या बाबतीत हेच करी. याला मी कारागिरांचे अज्ञान म्हणणार नाही. एका पदार्थासाठी पूर्णपणे खरे असलेले ज्ञान दुसऱ्या पदार्थावर लावले गेले होते, आणि पदार्थ बदलला आहे हे त्यांना कोणी नीट समजावून सांगितले नव्हते. अधिकृत सर्व्हिस केंद्रांत इंग्रजी पुस्तिका होत्या. आळीतल्या उस्तादाने ते ज्ञान एकेक गाडी बिघडवत आणि दुरुस्त करत स्वतः मिळवले. मारुती ८०० देशात २५ लाखांहून अधिक खपली. तिच्यासाठी लागणारे शहाणपण ज्या वेगाने गावोगावच्या गॅरेजांत पसरले, तो तंत्रज्ञान आत्मसात करण्याच्या आपल्या इतिहासातील एक लक्षणीय अध्याय मानायला हवा.

मला हे शहाणपण इंदूरला, पुष्कळ उशिरा मिळाले. माझ्या जुन्या छोट्या गाडीच्या पुढून, गल्लीतल्या खड्ड्यांवरून हळू जाताना, लाकडी पेटीत दगड हलावा तसा आवाज येत असे. एका मोठ्या, टापटिपीच्या गॅरेजने दोन्ही शॉकॲब्सॉर्बर बदलायला सांगितले. बदलले. गाडी घेऊन घरी निघालो, पहिल्याच खड्ड्यात तोच आवाज. परत गेलो तर स्टीअरिंग रॅक बदला म्हणाले. तेवढे पैसे नव्हते म्हणून वाचलो. पुढे महूच्या रस्त्यावरच्या एका वृद्ध उस्तादाने गाडी खड्ड्यावर उभी करवली, आपल्या मुलाला एका बाजूचे छप्पर धरून गाडी झोके दिल्यासारखी हलवायला सांगितले, आणि स्वतः खाली उतरून दांड्यावर तळहात ठेवला. अर्ध्या मिनिटात तो वर आला. हाताला ठोका लागतो तिथे कान लावायची गरज नसते, असे काहीसे पुटपुटत त्याने दोन बुश आणायला सांगितले.

त्याच्या त्या कृतीत सगळे तर्कशास्त्र आहे. आधी आवाज केव्हा येतो ते पाहावे. एकच चाक खड्ड्यात गेले की आवाज येतो, आणि दोन्ही चाके एकदम सरळ गतिरोधकावरून गेली की येत नाही, तर संशय दांड्याच्या जोडण्यांवर. कारण आधी म्हटल्याप्रमाणे दोन्ही चाके सारखी उचलली गेली तर दांड्याला पीळच बसत नाही. शॉकॲब्सॉर्बर किंवा त्याचा वरचा माउंट गेला असेल, तर दोन्ही प्रसंगी आवाज यायला हवा. मात्र कुई-कुई असा किरकिराट सरळ गतिरोधकावरही येऊ शकतो, कारण तेव्हा दांडा बुशात फिरतो. तो किरकिराट असेल तर बुशावर साधे पाणी मारून पाहावे. आवाज थोडा वेळ थांबला, तर ठिकाण सापडले.

येथे आपल्या गतिरोधकांबद्दल थोडे विषयांतर. ब्रिटनच्या प्रयोगशाळेत १९७०च्या दशकाच्या आरंभी वॉट्स यांनी जो गोलाकार उंचवटा सुचवला, त्याच मापाचा, म्हणजे ३.७ मीटर रुंद व १० सेंटिमीटर उंच, गतिरोधक भारतीय रस्ते काँग्रेसच्या १९८८च्या मार्गदर्शक तत्त्वांत आहे. ताशी २५ किलोमीटर वेगाने तो सुखाने ओलांडता यावा ही अपेक्षा. आपल्या वस्तीतल्या रस्त्यावर डांबराची एक अरुंद, उंच वरवंट्यासारखी रांग असते. पोट घासू नये म्हणून आपण ती तिरकी ओलांडतो. तिरके जाताना एक चाक आधी चढते, दुसरे नंतर, आणि दांड्याला दोन्ही दिशांनी पूर्ण पीळ बसतो. बुश लवकर झिजतात त्याचे एक कारण हे. तिरके जाऊ नका असे मी म्हणणार नाही, कारण गाडीचे पोट बुशापेक्षा महाग आहे.

ठिकाणाचा अंदाज आल्यावर खाली जाऊन पाहावे. गाडी चारही चाकांवर, शक्यतो खड्ड्यावर किंवा रॅम्पवर उभी असताना बुशापाशी टॉमी घालून दांडा हलक्या हाताने उचकून पाहिला, तर चांगल्या बुशात तो रबराला दाबतो आणि परत येतो. झिजलेल्या बुशात तो मोकळा हलतो. दांड्यावर बुशाच्या जागी आरशासारखा चकचकीत पट्टा दिसला, तर दांडा तिथे बराच काळ घासत होता असे समजावे. रबराच्या काठावरच्या बारीक भेगा ओझोनच्या. त्या दिसल्या म्हणजे बुश गेलेच असे नाही. भोक अंडाकृती झाले असेल, तर मात्र दुसरा पुरावा नको.

ज्या गाड्यांत दांडा वेगळ्या लिंक रॉडने जोडलेला असतो, तिथे आणखी एक परीक्षा करता येते. दोन्ही बाजूंच्या लिंक सोडवून, दांडा बाजूला बांधून, गल्लीत अगदी सावकाश फेरी मारायची. आवाज नाहीसा झाला तर दोष दांड्याच्या कुटुंबातला. ही परीक्षा मारुती ८००सारख्या मांडणीत कधीही करू नये. तिथे दांड्याचे टोक सोडवणे म्हणजे चाकाचा आधारच काढणे. दोन गाड्या वरवर सारख्या दिसतात, दांडाही सारखाच दिसतो, आणि एकीची परीक्षा दुसरीत अपघात होते. म्हणून खाली उतरल्यावर पहिला प्रश्न हा असावा, की खालचा हात एकेरी आहे की इंग्रजी ‘एल’ अक्षरासारखा रुंद. रुंद असेल तर तो चाकाला स्वतःच मागेपुढे धरतो. एकेरी असेल तर दुसरा आधार कुठून येतो ते शोधावे.

बदलण्याचे काम अवघड नाही, पण त्यात घाई चालत नाही. बुश नेहमी जोडीने बदलतात. गाडी उचलायची तर पुढची दोन्ही चाके सारखीच उचलून खाली घोड्या लावाव्यात. एकच बाजू उचलली तर दांड्याला पीळ राहतो आणि क्लॅम्पचा शेवटचा बोल्ट सुटताच तो हातावर उसळतो. नुसत्या जॅकवरच्या गाडीखाली कोणीही जाऊ नये. दांड्याचा व्यास व्हर्नियरने मोजूनच बुश आणावे, कारण एकाच नावाच्या गाडीत वेगवेगळ्या वर्षी वेगळ्या जाडीचे दांडे असू शकतात, आणि एक मिलिमीटर मोठे भोक म्हणजे नवे कोरे झिजलेले बुश. दांड्यावरचा गंज व जुने रबर घासून काढावे. बहुतेक बुशांना बसवण्यासाठी एक चीर दिलेली असते. ती काढलेल्या बुशाप्रमाणेच, त्याच दिशेला ठेवावी. सरकवायला साबणाचे पाणी पुरे, फार तर सिलिकोनचे ग्रीस. डब्यातले नेहमीचे ग्रीस नको. क्लॅम्पचे बोल्ट आधी हाताने लावून, गाडी चाकांवर उतरवून, मग शेवटचा आवळ द्यावा, म्हणजे रबर विश्रांतीच्या अवस्थेत बसते. दांडा चाकाला धरणारा असेल तर स्प्लिट पिन नवी घालावी आणि नंतर व्हील अलाइनमेंट तपासून घ्यावे.

मारुती ८००चे उत्पादन २०१४ साली थांबले; ॲम्बॅसेडरचेही त्याच वर्षी. नव्या गाड्यांत दांडा बहुधा लिंक रॉडने जोडलेला असतो आणि चाकाला धरण्याचे काम रुंद हाताकडे गेले आहे. आता काही गाड्यांत बुश दांड्यावर रासायनिक रीतीने चिकटवूनच येते. रबर दांड्यावर सरकत नाही, नुसते पिळते. किरकिर नाही, आत धूळ जायला जागा नाही. लेआँ थिरीची कल्पना तिच्या शुद्ध रूपात परत आली आहे. पण असे बुश झिजले तर ते एकटे विकत मिळत नाही. कंपनीच्या यादीत सबंध दांड्याचाच क्रमांक असतो, आणि किंमतही सबंध दांड्याची. महूच्या रस्त्यावर मी गेल्या वर्षी पुन्हा गेलो तेव्हा त्या उस्तादाचा मुलगा अशाच एका दांड्यावरचे चिकटलेले रबर धारदार पात्याने सोलून काढत होता. शेजारी तीन वेगवेगळ्या गाड्यांचे चिरेचे बुश मांडलेले होते आणि त्यांची भोके तो एकेक करून मापून पाहत होता.